गोळी किती दिवस, आणि का? फुप्फुसातल्या गुठळीवर उपचार करणाऱ्या डॉक्टरांना खुलं पत्र

माननीय डॉक्टर,

स. न. वि. वि.

पायाचं हाड मोडल्यामुळे पाच आठवडे माझा पाय प्लास्टरमध्ये होता. प्लास्टर निघाल्यानंतर चौथ्या दिवशी न्हाणीघरातून बाहेर येताना डोळ्यांपुढे अंधारी आली आणि मी कोसळले. छातीत दुखत नव्हतं. दम मात्र असा लागला होता की एक वाक्य पुरं बोलता येईना. त्याआधी दोन दिवस पोटरी ठणकत होती. इतके दिवस बांधलेला पाय, दुखणारच, अशी मी स्वतःची समजूत घातली होती. सीटी अँजिओत दोन्ही फुप्फुसांत गुठळ्या निघाल्या. पोटरीच्या खोल शिरेत साकळलेलं रक्त सुटून, हृदयाच्या उजव्या बाजूतून पुढे सरकून, फुप्फुसाच्या धमनीत जाऊन अडकलं होतं. पल्मनरी एम्बोलिझम हे नाव मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं.

तुमच्यातल्याच काहींनी मला वाचवलं. कॅज्युअल्टीतल्या एका तरुण डॉक्टरीणबाईंनी माझी पोटरी दाबून पाहिली नसती, प्लास्टरबद्दल विचारलं नसतं, तर मला चक्कर आणि अशक्तपणाची औषधं देऊन घरी पाठवलं गेलं असतं. हे पत्र लिहिताना त्या बाई सतत माझ्या डोळ्यांसमोर आहेत.

सात दिवसांनी मला घरी सोडलं. हातात जाड फाइल होती. रक्ताचे सगळे रिपोर्ट, एको, सीटी, सोनोग्राफी, सगळं नीट लावलेलं. शेवटच्या पानावर उपचार मात्र एका ओळीत उरकला होता: गोळी चालू ठेवणे. किती दिवस, ते नाही. कशासाठी, ते नाही. परत कधी यायचं आणि आल्यावर काय तपासायचं, तेही नाही. त्या एका ओळीपायी पुढच्या वर्षभरात माझ्या आणि माझ्यासारख्या इतरांच्या वाट्याला काय आलं, ते तुम्हाला सांगायचं आहे.

आधी चांगलं झालं ते सांगते, कारण माझी मागणी त्यातूनच निघाली आहे. आयसीयूतली पहिली रात्र. माझा नवरा बाहेर हमरीतुमरीवर आला होता. गुठळी दिसते आहे ना, मग ती विरघळवणारं इंजेक्शन का देत नाही, हा त्याचा प्रश्न. कुठल्याही नातेवाइकाचा हाच प्रश्न असतो. त्या रात्रीच्या ड्यूटीवरच्या डॉक्टरांनी त्याला खुर्चीवर बसवलं, एका कागदाच्या पाठीवर हृदयाचं चित्र काढलं आणि दहा मिनिटांत सगळं उलगडून सांगितलं. गुठळी केवढी आहे यापेक्षा हृदयाच्या उजव्या कप्प्याला ती किती जड जाते आहे, हे महत्त्वाचं. रक्तदाब कोसळला असेल, वरचा आकडा ९०च्या खाली जाऊन तिथेच राहिला असेल, तर वेळ न दवडता गुठळी विरघळवणारं औषध द्यायचं. अशा रुग्णांच्या जिवाला सगळ्यात मोठा धोका असतो. हिचा रक्तदाब टिकून आहे. पण एकोत, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीत, उजवा कप्पा फुगलेला दिसतो आणि रक्तात ट्रोपोनिन वाढलेलं आहे, म्हणजे हृदयावर ताण आहे. ही मधली पायरी. इथे गुठळी वाढू न देणारं हेपरिन सुरू ठेवायचं आणि दोन दिवस डोळ्यांत तेल घालून पाहायचं. रक्तदाब पडायला लागला तर ते इंजेक्शन तयार आहे.

‘मग आत्ताच देऊन मोकळे का होत नाही?’ नवऱ्याने पुन्हा विचारलं. डॉक्टर म्हणाले, ‘ते औषध कुठली गुठळी वाईट आणि कुठली कामाची हे ओळखत नाही. मेंदूतली एखादी नाजूक शीर गळायला लागली तर तीही थांबू देत नाही.’

घरी आल्यावर मी याविषयी वाचलं. २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या पायथो नावाच्या मोठ्या चाचणीत माझ्यासारखेच मधल्या पायरीवरचे हजारावर रुग्ण होते. निम्म्यांना हेपरिनसोबत टेनेक्टेप्लेज हे विरघळवणारं औषध दिलं, उरलेल्यांना फक्त हेपरिन. पहिल्या आठवड्यात दगावणारे किंवा रक्तदाब कोसळणारे औषध घेतलेल्यांत २.६ टक्के होते आणि न घेतलेल्यांत ५.६ टक्के. इथवर वाचलं की वाटतं, द्यायलाच हवं होतं. पण पक्षाघात औषध घेतलेल्या २.४ टक्के लोकांना झाला, न घेतलेल्यांत तेच प्रमाण ०.२ टक्के होतं, आणि औषध घेतलेल्यांचे बहुतेक झटके मेंदूतल्या रक्तस्रावाचे होते. शिवाय मृत्यूंच्या संख्येत ठाम म्हणावा असा फरक दिसला नाही. कागदाच्या पाठीवर डॉक्टरांनी काढलेल्या चित्राचा अर्थ हाच होता. नवऱ्याला आकडे कुणी सांगितले नव्हते, तरी त्याला ते पटलं होतं. त्या दहा मिनिटांनंतर तो कुणावर ओरडला नाही.

याचं मोल तुम्हाला कदाचित जाणवत नसेल, म्हणून मुद्दाम लिहिते आहे. ‘तुमच्याकडे वेळ नसतो’ हे मला मान्य आहे. पण रात्री दोन वाजता, आयसीयूच्या दारात, दहा मिनिटं निघाली होती. डिस्चार्जच्या दिवशी भर दुपारी ती निघाली नाहीत.

आता त्या गोळीविषयी. तुम्ही सगळे तिला ‘रक्त पातळ करायची गोळी’ म्हणता. आम्हीही तेच म्हणतो. हे शब्द बदला, अशी माझी कळकळीची विनंती आहे. रक्त पातळ होत नाही, गुठळी धरण्याची त्याची क्रिया मंदावते. गोळी जुनी गुठळी विरघळवतही नाही. ते काम शरीर स्वतः करतं, आठवडे आणि महिने घेऊन. गोळी फक्त जुनी गुठळी वाढू देत नाही आणि नवी होऊ देत नाही. तेवढ्याने केवढा फरक पडतो पाहा. १९६० साली ब्रिटनमध्ये बॅरिट आणि जॉर्डन या दोन डॉक्टरांनी पस्तीस रुग्णांवरच्या उपचारांची नोंद प्रसिद्ध केली. औषध न दिलेल्या १९ जणांपैकी पाच जण गुठळीने गेले. औषध दिलेल्या १६ जणांपैकी गुठळीने एकही गेला नाही. इतक्या छोट्या चाचणीनंतर कुणालाही औषधाविना ठेवून पाहण्याचं धाडस कुणी केलं नाही, आणि ते योग्यच झालं.

शब्द बदला म्हणते त्याला आणखी एक कारण आहे. हृदयाच्या रुग्णांना दिली जाणारी अ‍ॅस्पिरिनही आमच्या तोंडी ‘रक्त पातळ करायची गोळी’च असते. तपासणीच्या रांगेत मला एक काका भेटले. त्यांच्या घरात अ‍ॅस्पिरिन आधीपासून होती. रक्त पातळ करायच्या दोन-दोन गोळ्या कशाला, म्हणून त्यांनी नवी बंद केली आणि जुनी चालू ठेवली. या दोन औषधांत किती अंतर आहे, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. २०१७ सालच्या एका चाचणीत सहा ते बारा महिने उपचार पूर्ण झालेल्यांपैकी काहींना रिव्हरॉक्सबॅनची, म्हणजे गुठळीवरच्या नव्या गोळीची, दहा मिलिग्रॅमची छोटी मात्रा दिली, काहींना अ‍ॅस्पिरिन. पुढच्या वर्षभरात गुठळी परत आली ती पहिल्या गटात १.२ टक्के लोकांना आणि अ‍ॅस्पिरिनच्या गटात ४.४ टक्के लोकांना. काकांनी चुकीची गोळी ठेवली होती, आणि तीही अगदी विचारपूर्वक.

माझी चूक वेगळी. मला रिव्हरॉक्सबॅन दिली होती. या औषधाचे पहिले एकवीस दिवस पंधरा मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, आणि बाविसाव्या दिवसापासून वीस मिलिग्रॅम दिवसातून एकदा, तीही भरल्या पोटी. नाही तर औषध पुरेसं अंगी लागत नाही. (अ‍ॅपिक्सबॅन या त्याच जातीच्या औषधाचा हिशेब निराळा: सात दिवस दहा मिलिग्रॅम दोनदा, मग पाच मिलिग्रॅम दोनदा.) माझ्या कागदावर ‘चालू ठेवणे’ एवढंच होतं. पहिली पाकिटं संपल्यावर मी तीच दाखवून तशीच आणली आणि सहा आठवडे पंधरा मिलिग्रॅम दिवसातून दोनदा घेत राहिले. त्यात पाय दुखायचा, म्हणून अधूनमधून घरातली डायक्लोफिनॅक. एका रात्री नाकातून सुरू झालेलं रक्त तासाभरात थांबेना. त्या रात्री लक्षात आलं की वेदनाशामक गोळी या औषधासोबत घ्यायची नसते, हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. आणि मीही विचारलं नव्हतं. विचारायचं असतं, हेच ठाऊक नव्हतं.

नव्या गोळ्यांविरुद्ध माझं काहीही म्हणणं नाही, हे स्पष्ट करते. वॉर्फरिन या जुन्या गोळीवर असलेल्यांचे हाल मी पाहिले आहेत. आयएनआर, म्हणजे रक्त गोठायला किती वेळ लागतो ते सांगणारा आकडा, दोन ते तीनच्या मध्ये ठेवण्यासाठी वारंवार रक्त द्यायचं, पालेभाजी एकदम वाढली किंवा कमी झाली तरी आकडा हलायचा. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या, पाच हजारांवर रुग्णांच्या चाचणीत अ‍ॅपिक्सबॅनवर असलेल्यांत मोठा रक्तस्राव ०.६ टक्के लोकांना झाला आणि जुन्या पद्धतीच्या उपचारात १.८ टक्के लोकांना. गुठळी परत येण्याच्या बाबतीत नवं औषध जुन्याहून कमी पडलं नाही. सोय मोठी आहे. पण वॉर्फरिन घेणारा माणूस दर काही दिवसांनी रक्त तपासायला येत होता आणि त्या निमित्ताने कुणाच्या तरी नजरेखाली राहत होता. नव्या गोळीने ती ये-जा संपवली, आणि तिच्या जागी दुसरी कुठलीच आली नाही. मला वाटतं, सगळ्या घोळाचं मूळ इथे आहे.

शिवाय ही गोळी सगळ्यांची नव्हे. गरोदर बाईला हेपरिनच्या जातीची इंजेक्शनंच द्यावी लागतात. अँटिफॉस्फोलिपिड सिंड्रोम, म्हणजे शरीराची प्रतिकारशक्तीच उलटून गुठळ्या होण्याचा आजार, असेल, विशेषतः धमनीतही गुठळी झालेली असेल, तर वॉर्फरिनच बरी. क्षयावरची रिफाम्पिसिन किंवा फिटच्या फेनिटॉइन, कार्बामाझेपिन यांसारख्या गोळ्या चालू असतील तर या औषधाची रक्तातली पातळी इतकी उतरते की ते घेऊन न घेतल्यासारखं होतं. हे तुम्हाला मी सांगावं असं नाही. पण चार महिन्यांनी दुसऱ्याच आजारासाठी दुसऱ्याच डॉक्टरकडे गेलेला रुग्ण हे कसं सांगणार, जर त्याच्या कागदावरच ते नसेल?

आता मुख्य प्रश्न, किती दिवस. तीन महिने तर प्रत्येकालाच. त्यापुढचं सगळं कारणावर ठरतं. माझं कारण उघड होतं: मोडलेलं हाड, प्लास्टर, हालचाल बंद. कारण आलं आणि गेलं. मोठ्या शस्त्रक्रियेसारख्या तात्पुरत्या कारणानंतर गोळी थांबवली तर गुठळी परत येण्याचं प्रमाण वर्षाला शंभरात एकाच्या आसपास असतं, किंवा त्याहूनही कमी. माझी गोळी बहुधा तीन ते सहा महिन्यांत थांबवता आली असती. मी ती चौदा महिने घेतली. दर महिन्याला धास्ती असायची की थांबवली तर मरेन, आणि चालू ठेवली तर एखाद्या दिवशी पडून डोक्यात रक्तस्राव होईल.

रांगेत माझ्या शेजारी बसणारा एक तरुण मुलगा होता. त्याच्या गुठळीचं कारण सापडलं नव्हतं. ना ऑपरेशन, ना प्रवास, ना कर्करोग. त्याला बरं वाटायला लागलं म्हणून तीन महिन्यांनी त्याने स्वतःच गोळी सोडली. कारण न सापडलेल्यांनी औषध थांबवलं तर पहिल्याच वर्षी शंभरातल्या दहा जणांना गुठळी पुन्हा होते, पाच वर्षांत पंचवीस जणांना, दहा वर्षांत छत्तीस जणांना. त्याची गुठळी सातव्या महिन्यात परत आली. तो वाचला, आणि आता कायमची गोळी घेतो, कमी मात्रेची. त्याच्या डिस्चार्ज कार्डावरही ‘गोळी चालू ठेवणे’ एवढंच होतं. त्याला घ्यायला हवी होती ती त्याने थांबवली, मला थांबवायला हवी होती ती मी घेत राहिले. दोघांच्याही कागदावर एकच वाक्य, आणि दोघांनाही त्याचा उपयोग शून्य.

आणि त्यानंतरचा दम. याविषयी तुम्ही सगळ्यात कमी बोलता. सीटीत गुठळ्या विरल्या की तुमच्या लेखी आम्ही बरे. कॅनडातल्या, २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात गुठळीनंतर पूर्ण एक वर्षाने रुग्णांना सायकल चालवायला लावून मोजमाप केलं, तर जवळपास निम्म्यांची क्षमता अपेक्षेपेक्षा कमी भरली. त्यातला बराच भाग घाबरून बसून राहिल्याचा, स्नायू सुटल्याचा. माझंही तेच झालं होतं. एक जिना चढला की छाती धडधडायची, धडधडली की वाटायचं पुन्हा तेच आलं, की मी खाली बसायचे. चालत राहा, दम लागला तरी थोडं थोडं वाढव, त्याने गुठळी सुटत नाही, एवढं जर कुणी म्हटलं असतं, तर माझे पाच-सहा महिने वाचले असते.

पण काहींचा दम भीतीचा नसतो. शंभर वाचलेल्यांपैकी साधारण तिघांच्या फुप्फुसांत गुठळी विरत नाही. तिचा चिवट पापुद्रा होऊन धमनीच्या भिंतीला चिकटतो, फुप्फुसातला रक्तदाब वाढत जातो आणि उजवं हृदय दमत जातं. सीटीईपीएच असं त्याचं नाव. रांगेतल्या एका बाईंना आठ महिने सांगितलं जात होतं की वजन कमी करा, काळजी सोडा. शेवटी कुणीतरी फुप्फुसात हवा आणि रक्त कुठे कुठे पोचतं ते दाखवणारा व्हेंटिलेशन-परफ्यूजन स्कॅन करून घेतला, तेव्हा कळलं. त्यांचं ऑपरेशन झालं. शरीर सुमारे वीस अंशांपर्यंत थंड करतात, वीस-वीस मिनिटं रक्ताभिसरण पूर्ण थांबवतात आणि तेवढ्या वेळात धमनीच्या आतून तो पापुद्रा सोलून काढतात. ज्यांना ऑपरेशन झेपत नाही किंवा पापुद्रा फार खोल आहे, त्यांच्यासाठी फुग्याने धमनी रुंदावणं आहे, रिओसिग्वाट नावाची गोळी आहे. म्हणजे या आजाराला उत्तर आहे. फुप्फुसाच्या रक्तदाबाच्या फार थोड्या प्रकारांना असं उत्तर असतं. ते आठ महिने उशिरा मिळालं, कारण तीन महिन्यांनी परत येऊन दम तपासून घ्या, असं त्यांना कुणी सांगितलं नव्हतं.

जाता जाता, गुठळी वर जाऊ नये म्हणून पोटातल्या मोठ्या शिरेत बसवतात त्या जाळीविषयी. ज्यांना रक्तस्रावामुळे औषध देताच येत नाही, त्यांच्यासाठी ती आहे. औषध चालू असलेल्यांत ती घालून गुठळी परत येणं कमी होत नाही, हे २०१५च्या चाचणीत दिसलं आहे. घातलीत तर ती काढायची तारीखही लिहून द्या. विसरलेली जाळी वर्षानुवर्षं आत राहते.

तुमच्या क्षेत्रातलं काम किती पुढे गेलं आहे, हे वाचून मला खरंच भरून येतं. १९०८ साली ट्रेंडलेनबर्ग या जर्मन शल्यविशारदांनी गुठळी हाताने काढायचा प्रयत्न केला, त्यांचे रुग्ण वाचले नाहीत. पहिला रुग्ण वाचायला १९२४ उजाडलं, आणि तो वाचवला त्यांच्याच शिष्याने, किर्शनर यांनी. १९३१ साली बोस्टनमध्ये जॉन गिबन हे तरुण डॉक्टर फुप्फुसात गुठळी अडकलेल्या एका बाईच्या उशाशी रात्रभर बसून होते. ती बाई गेली. त्या रात्रीच सुचलेल्या विचारावर त्यांनी वीस वर्षांहून अधिक काळ काम केलं आणि १९५३ साली हृदय आणि फुप्फुसांचं काम तात्पुरतं करणारं हार्ट-लंग मशीन वापरून हृदयाचं पहिलं यशस्वी ऑपरेशन केलं. एका रुग्णाच्या उशाशी बसून राहण्यातून एवढं उभं राहिलं.

मी फार मागत नाही. नवं यंत्र नको, नवा विभागही नको. माझ्या कागदावर पुढचं लिहिलेलं मला हवं होतं. यात एकही गोष्ट अशी नाही जी त्या दिवशी तुम्हाला माहीत नव्हती:

‘दोन्ही फुप्फुसांत गुठळ्या, मध्यम धोक्याच्या. उजव्या हृदयावर ताण होता, घरी जाताना एको सुधारलेला. कारण: पायाचं हाड मोडून प्लास्टर. रिव्हरॉक्सबॅन १५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, अमुक तारखेपर्यंत. त्या तारखेपासून २० मिलिग्रॅम एकदा, जेवणासोबत. वेदनाशामक गोळी विचारल्याशिवाय घेऊ नये. डोक्याला मार लागला, शौच काळी झाली किंवा रक्त थांबेना, तर लगेच यावे. रोज चालावे, दम लागला म्हणून घाबरू नये. तीन महिन्यांनी अमुक तारखेला भेट. त्या दिवशी गोळी थांबवायची की नाही ते ठरवू. दम तेव्हाही लागत असेल तर एको आणि स्कॅन करू. अचानक धाप लागली, छातीत दुखलं किंवा चक्कर आली, तर त्या तारखेची वाट पाहू नये.’

आपली नम्र,
एक रुग्ण